विश्लेषण : मलबार हिलवरचा खून, इंदूरची गादी आणि बातमीचा खेळ... कोण होते तुकोजीराव होळकर तिसरे?

सत्ता, पैसा आणि गुन्हा एकाच बातमीत आले की ती बातमी राहत नाही, मालिका होते. रोज नवा भाग, रोज नवे पात्र आणि रात्री नऊला पडद्यावर आरडाओरड. हिवरे बाजारचा पार असो की मुंबईची लोकल, त्या दिवशी प्रत्येकाच्या मोबाइलवर तीच चित्रफीत फिरत असते. हे खूळ वाहिन्यांनी आणि समाजमाध्यमांनी आणले, असे आपण समजतो. पण शंभर वर्षांपूर्वी, वाहिन्या सोडाच, देशात नियमित रेडिओही सुरू झालेला नव्हता, तेव्हा मुंबईतल्या एका खुनाने असाच खेळ मांडला होता. वर्तमानपत्रांनी तो महिनोन् महिने चालवला, त्याच वर्षी त्यावर चित्रपट निघाला आणि वर्षभरात इंदूरच्या महाराजांना गादी सोडावी लागली. ते महाराज म्हणजे तुकोजीराव होळकर तिसरे. त्यांचे आयुष्य काय होते आणि त्यातून आजच्या वाचकाने काय घ्यावे?

अहिल्यानगरशी या कथेचा संबंध काय?

होळकरांची राजधानी माळव्यात असली, तरी घराण्याची मुळे महाराष्ट्रात आहेत. पुणे जिल्ह्यातले नीरा नदीकाठचे होळ हे त्यांचे मूळ गाव, त्यावरूनच होळकर हे आडनाव पडले. मल्हारराव होळकरांनी पेशव्यांच्या काळात माळव्यात दौलत उभी केली. त्यांच्या सून अहिल्यादेवी यांचा जन्म ३१ मे १७२५ रोजी आताच्या जामखेड तालुक्यातील चौंडीचा. त्यांच्याच नावावरून अहमदनगर जिल्हा आता अहिल्यानगर झाला आहे. पती खंडेराव कुंभेरच्या वेढ्यात कामी आल्यानंतर आणि पुढे सासरे व मुलगाही गेल्यानंतर अहिल्यादेवींनी १७९५ पर्यंत राज्य केले. न्यायाच्या बाबतीत घरच्याचीही गय नाही, अशी त्यांची ख्याती आजही गावोगाव सांगितली जाते.

अहिल्यादेवींनंतर गादी तुकोजीराव पहिले यांच्याकडे गेली. म्हणजे तिसरे तुकोजीराव हे काही अहिल्यादेवींचे थेट वंशज नव्हेत. पण गादी तीच होती आणि त्या गादीला चिकटलेले नावही तेच होते. म्हणूनच १९२५ मध्ये त्या गादीवर खुनाच्या प्रकरणाची सावली पडली, तेव्हा गावोगावच्या वाचकाला धक्का बसला आणि कुतूहलही वाटले. मोठ्या नावाची पडझड ही कोणत्याही काळात सर्वाधिक खपणारी बातमी असते.

तुकोजीराव गादीवर कसे आले?

तुकोजीरावांचा जन्म २६ नोव्हेंबर १८९० चा. वडील शिवाजीराव होळकर यांचे ब्रिटिशांशी कधी पटले नाही. ३१ जानेवारी १९०३ रोजी त्यांनी गादी सोडली आणि बारा वर्षांच्या मुलाला महाराज म्हणून बसवण्यात आले. मुलगा अज्ञान असल्याने कारभार मंडळाकडे आणि त्यावर देखरेख ब्रिटिश रेसिडेंटची, अशी व्यवस्था झाली. संस्थानिकांच्या मुलांना ब्रिटिश वळणाचे शिक्षण देण्याची तेव्हा पद्धत होती. त्यानुसार तुकोजीराव इंदूरचे डेली कॉलेज आणि अजमेरचे मेयो कॉलेज येथे शिकले, युरोप पाहून आले आणि नोव्हेंबर १९११ मध्ये त्यांच्या हाती पूर्ण अधिकार आले. पुढच्याच महिन्यात पंचम जॉर्ज यांचा दिल्ली दरबार भरला.

इथे एक गोष्ट ध्यानात ठेवायला हवी. संस्थानिक आपल्या हद्दीत जवळपास निरंकुश असे. न्यायालय त्याचे, पोलीस त्याचे, तुरुंगही त्याचाच. पण त्याची गादी मात्र ब्रिटिशांच्या मर्जीवर टिकून असे. प्रजेला त्याला जाब विचारता येत नसे, व्हाइसरॉयला मात्र त्याला घरी बसवता येई. वडिलांचे काय झाले ते तुकोजीरावांनी लहानपणीच पाहिले होते. तेवीस वर्षांनी त्यांच्यावरही तीच वेळ आली.

राज्यकर्ते म्हणून त्यांची नोंद काय?

बावला प्रकरणामुळे तुकोजीरावांची बाकीची कारकीर्द झाकोळली गेली, पण ती मोकळी नव्हती. इंदूर गिरण्यांमुळे झपाट्याने वाढत होते आणि प्लेगच्या साथी येत होत्या. अशा वेळी दरबाराने नगररचनेचे स्कॉटिश अभ्यासक पॅट्रिक गेडिस यांना पाचारण केले. त्यांचा १९१८ चा इंदूरचा अहवाल नगररचनेच्या अभ्यासात आजही वाचला जातो. अनेक वर्षे रखडलेल्या लालबाग राजवाड्याचे कामही तुकोजीरावांच्या काळात पुरे झाले. नागपूरचे तरुण फलंदाज सी. के. नायडू यांना १९२३ मध्ये इंदुरात आणून होळकर सैन्यात घेतले गेले. हेच नायडू पुढे भारताचे पहिले कसोटी कर्णधार झाले.

सामाजिक बाजूही आहे. कोल्हापूरचे राजर्षी शाहू महाराज मराठा आणि धनगर समाजांत विवाहसंबंध जुळावेत म्हणून प्रयत्न करीत होते. त्याला इंदूर दरबाराची साथ होती. शाहू महाराजांचे १९२२ मध्ये निधन झाले. पुढे १९२४ मध्ये तुकोजीरावांचे पुत्र यशवंतराव यांचा विवाह कागलच्या घाटगे घराण्यातील संयोगिताराजे यांच्याशी झाला. जातीची चौकट मोडणारा हा विवाह त्या काळी साधी गोष्ट नव्हती. पण आज हे किती जणांना ठाऊक आहे? ज्या बातमीत रक्त नाही आणि रहस्य नाही, ती शंभर वर्षे टिकत नाही, हेही या चरित्रातून दिसते.

मुमताज बेगम कोण होत्या?

मुमताज या पंजाबातल्या गाण्याबजावण्याची परंपरा असलेल्या घरातल्या. त्या अगदी लहान वयात आईबरोबर इंदूरला आल्या आणि महाराजांच्या जनानखान्यात दाखल झाल्या. तिथे त्यांनी अनेक वर्षे काढली. त्यांच्यावर पहारा असे, त्यांना मोकळेपणाने कुठे जाता-येता येत नसे, असे त्यांनी पुढे सांगितले. त्यांच्या साक्षीतला सर्वांत भयंकर भाग वेगळाच होता. इंदुरात आपल्याला मुलगी झाली होती आणि ती मारून टाकण्यात आली, असा आरोप त्यांनी केला.

मसुरीला जाण्याच्या निमित्ताने प्रवास सुरू असताना दिल्लीत त्यांनी पुढे जायला नकार दिला आणि अमृतसरला माहेरच्या माणसांकडे गेल्या. तिथेही पाठलाग थांबला नाही. त्या मुंबईत आल्या आणि अब्दुल कादिर बावला या तरुण, धनाढ्य कापड व्यापाऱ्याच्या आश्रयाने राहू लागल्या. बावला मुंबई महापालिकेचे सदस्यही होते. त्यांनी मुमताजला घराबाहेर काढावे म्हणून त्यांच्यावर दबाव आणि धमक्या आल्या. त्यांनी दाद दिली नाही.

१२ जानेवारी १९२५ रोजी काय घडले?

त्या संध्याकाळी बावला, मुमताज, बावला यांचे व्यवस्थापक आणि चालक असे मोटारीतून मलबार हिलवर फिरायला गेले होते. हँगिंग गार्डनच्या परिसरात मागून दुसरी मोटार आली आणि तिने त्यांची वाट अडवली. त्यातून उतरलेल्यांनी मुमताजला ओढून नेण्याचा प्रयत्न केला. बावला आडवे आले, तेव्हा त्यांच्यावर गोळ्या झाडण्यात आल्या. मुमताजच्या चेहऱ्यावर धारदार शस्त्राने वार करण्यात आले.

हल्लेखोरांचा बेत पार पडलाही असता. पण त्याच वेळी गोल्फ खेळून परतणाऱ्या ब्रिटिश लष्करी अधिकाऱ्यांची मोटार तिथून चालली होती. त्यांच्यातील लेफ्टनंट सेगर्ट गोल्फची काठी घेऊन हल्लेखोरांवर धावून गेले. ते स्वतः जखमी झाले, पण मुमताजचे अपहरण टळले आणि हल्लेखोर रंगेहाथ सापडला. बावला मात्र वाचले नाहीत.

तपासाचा माग इंदूरकडे गेला. पकडलेल्यांचे धागे संस्थानच्या नोकरीशी जुळत होते. संशयितांत होळकर सैन्यातील बडे अधिकारी आनंदराव गंगाराम फणसे यांचेही नाव आले. हा गुन्हा इंदूरच्या हद्दीत झाला असता तर त्याचा तपास इंदूरच्याच पोलिसांनी केला असता. तो मलबार हिलवर, म्हणजे ब्रिटिश हद्दीत झाला, शिवाय त्याचे साक्षीदार गोरे लष्करी अधिकारी होते. म्हणून तो दाबला जाऊ शकला नाही.

खटल्यात काय झाले?

मुंबई उच्च न्यायालयात न्यायमूर्ती क्रम्प आणि ज्यूरीपुढे नऊ आरोपींवर खटला चालला. सरकारतर्फे ॲडव्होकेट जनरल जमशेदजी कांगा उभे होते. फणसे यांच्या बचावासाठी मोहम्मद अली जीना आले होते. राजकारणात आणि वकिलीत त्या काळी जीनांचा मोठा दबदबा होता. मे १९२५ मध्ये निकाल लागला. शफी अहमद, पुष्पशील पोंडे आणि श्यामराव दिघे या तिघांना फाशीची शिक्षा सुनावली गेली, काहींना जन्मठेप झाली. फणसे यांची फाशी टळली. या कटामागे आणखी कोणीतरी असावे, पण ते नेमके कोण हे दाखवता येत नाही, अशा आशयाचे निरीक्षण न्यायमूर्तींनी नोंदवले.

महाराजांचे नाव आरोपींत नव्हते. सत्तेवरील संस्थानिकाला ब्रिटिश न्यायालयात आरोपी म्हणून उभे करण्याची सोयच नव्हती. तुकोजीरावांवर कोणत्याही न्यायालयात गुन्हा सिद्ध झाला नाही, ही गोष्ट इथे स्पष्ट सांगायला हवी. तितकेच खरे हेही, की त्यांना कोणत्याही न्यायालयात प्रश्न विचारला गेला नाही.

बातमीचा खेळ कसा झाला?

१९२१ च्या जनगणनेनुसार मुंबईची लोकसंख्या पावणेबारा लाखांच्या आसपास होती. इंग्रजी, मराठी, गुजराती, उर्दू अशी अनेक भाषांतली पत्रे शहरात खपत होती. बातमी चटकदार करून सांगण्याची सवय मराठी वाचकाला अच्युत बळवंत कोल्हटकरांच्या ‘संदेश’ने १९१५ पासूनच लावली होती. कृष्णाजी प्रभाकर खाडिलकरांचा ‘नवाकाळ’ १९२३ मध्ये सुरू झाला होता. वाचक तयार होता, छापखाने तयार होते आणि मलबार हिलच्या प्रकरणात काय नव्हते? राजा, जनानखाना, पळालेली तरुणी, श्रीमंत शेठ, मोटारींचा पाठलाग, पिस्तूल आणि गोल्फची काठी. एखाद्या नाटककाराने हे सगळे एकत्र आणले असते, तर अतिरंजित म्हणून लोकांनी नाव ठेवले असते.

त्यात एक कायदेशीर बारकावाही होता. संस्थानिकांविरुद्ध द्वेष पसरवणारे लिखाण छापल्यास शिक्षा करणारा कायदा १९२२ मध्ये आला होता. मध्यवर्ती कायदेमंडळाने त्याला नकार दिला असतानाही व्हाइसरॉय लॉर्ड रीडिंग यांनी विशेषाधिकार वापरून तो आणला. त्यामुळे एरवी एखाद्या महाराजाच्या कारभारावर किंवा वागणुकीवर उघड लिहिणे धोक्याचे होते. पण खुल्या न्यायालयात झालेली साक्ष जशीच्या तशी छापणे, हा मार्ग मोकळा होता. म्हणजे जे संपादकाला अग्रलेखात लिहिता येत नव्हते, ते साक्षीदाराच्या तोंडून रोज वाचकापर्यंत पोहोचू लागले. राजवाड्याच्या भिंतीआड काय चालते, हे प्रजेला पहिल्यांदाच तपशिलात वाचायला मिळाले.

बातमीला मालिकेचे रूपही इथूनच आले. न्यायालयाचे कामकाज रोज चाले. आज एक साक्षीदार, उद्या त्याची उलटतपासणी, परवा नवा खुलासा. वाचकाला उद्याचा अंक घ्यावासा वाटे, कारण कथा आज संपलेली नसे. मुमताजची साक्ष हा या मालिकेचा सर्वांत मोठा भाग ठरला. तिचे वय, रूप, चेहऱ्यावरच्या जखमा, पूर्वायुष्य, सगळे चर्चेचा विषय झाले. आपल्या मुलीला मारल्याचा आरोप एक बाई भर न्यायालयात करते आणि गावगप्पांत चर्चा तिच्या सौंदर्याची होते, हे आजच्या वाचकाला फार अनोळखी वाटणार नाही.

परदेशी पत्रांनाही हे प्रकरण आवडले. त्याआधी जेमतेम महिनाभर लंडनच्या न्यायालयात काश्मीरचे युवराज हरिसिंह यांना जाळ्यात ओढून पैसे उकळल्याचे प्रकरण गाजले होते. त्यात त्यांचे नाव लपवून त्यांना ‘मिस्टर ए’ म्हटले गेले. हिंदुस्थानी संस्थानिक म्हणजे विलास, वासना आणि जवाहीर, असे चित्र परदेशी वाचकाच्या मनात पक्के होत होते. बावला प्रकरणाने त्यात भर घातली. या चित्राचा फायदा ब्रिटिश सत्तेलाही होता. हिंदी माणूस राज्य करायला कसा नालायक आहे, हे दाखवायला असा राजा सोयीचा पडे.

पडद्यावर हे प्रकरण कसे आले?

द्वारकादास संपत यांची मुंबईतील कोहिनूर फिल्म कंपनी त्या काळातील मोठी चित्रपट कंपनी होती. तिच्याच ‘भक्त विदुर’ (१९२१) या पौराणिक चित्रपटात प्रेक्षकांना गांधीजी दिसले होते आणि काही ठिकाणी त्यावर बंदी आली होती. पुराणकथेआडून आजचे सांगण्याची कला या कंपनीला साधली होती. बावला खुनाच्या वर्षीच, १९२५ मध्ये, कोहिनूरने ‘कुलीन कांता’ हा मूकपट काढला. होमी मास्टर त्याचे दिग्दर्शक आणि मोहनलाल दवे लेखक. वर्तमानपत्रातून उचललेल्या खऱ्या गुन्ह्यावर बेतलेल्या सुरुवातीच्या भारतीय चित्रपटांत त्याची गणना होते. तोपर्यंत पडद्यावर प्रामुख्याने देवादिक, संत आणि ऐतिहासिक वीर दिसत. आता ताज्या खुनाची कथाही तिकीट काढून पाहता येऊ लागली.

रंगभूमीवर हे आधीही झाले होते. १८७५ मध्ये बडोद्याचे मल्हारराव गायकवाड यांच्यावर ब्रिटिश रेसिडेंटला विष घालण्याचा प्रयत्न केल्याचा आरोप आला. चौकशी आयोगात तीन ब्रिटिश आणि तीन हिंदी सदस्य होते, त्यांच्यात एकमत झाले नाही. तरी गैरकारभाराचे कारण देऊन महाराजांना पदच्युत केले गेले. त्या प्रकरणावरही नाटके लिहिली गेली. १८७६ मध्ये सरकारने नाट्यप्रयोगांवर नियंत्रण आणणारा कायदा केला, त्यामागे अशा राजकीय नाटकांची धास्तीही होती.

महाराजांनी गादी का सोडली?

खटला संपला, पण प्रश्न संपला नाही. शिक्षा झालेल्यांचा बावला यांच्याशी वैयक्तिक वाद काय होता? मुमताजला इंदूरला परत न्यायचे होते ते कोणासाठी? हे प्रश्न वर्तमानपत्रे वाचणाऱ्या प्रत्येकाला पडले होते. आता सरकारला गप्प बसणे अवघड झाले. दुसरीकडे, एका मोठ्या संस्थानिकावर जाहीर चौकशी बसवली तर बाकीचे संस्थानिक बिथरतील, ही चिंता होती. १९२३ मध्येच नाभ्याच्या महाराजांना गादीवरून दूर व्हावे लागले होते.

अखेर तुकोजीरावांपुढे दोन पर्याय ठेवले गेले. चौकशी आयोगाला सामोरे जा किंवा गादी सोडा. आयोगापुढे जाणे म्हणजे बडोद्याचाच प्रसंग पुन्हा ओढवून घेणे. त्यांनी दुसरा पर्याय निवडला. फेब्रुवारी १९२६ मध्ये त्यांनी पुत्र यशवंतराव यांच्यासाठी गादी सोडली. यशवंतराव तेव्हा सतरा वर्षांचे होते. वडिलांनंतर मुलगा, अशी होळकरांच्या दोन पिढ्यांनी गादी सोडली होती. तुकोजीरावांचे वय तेव्हा पस्तीस होते आणि पुढे बावन्न वर्षांचे आयुष्य शिल्लक होते.

गादी गेल्यावर तरी बातम्या थांबल्या का?

नाही. पुढचा भाग अमेरिकेत गाजला. सिएटलच्या नॅन्सी ॲन मिलर या तरुणीशी तुकोजीरावांची युरोपात ओळख झाली होती. १९२८ मध्ये दोघांनी लग्न करायचे ठरवले. परदेशी, ख्रिस्ती मुलगी होळकरांची सून कशी होणार, यावर वाद पेटला. नाशिकमध्ये शंकराचार्य डॉ. कुर्तकोटी यांच्या पुढाकाराने नॅन्सी यांनी हिंदू धर्म स्वीकारला, त्यांचे नाव शर्मिष्ठादेवी ठेवण्यात आले. त्यांना धनगर समाजात घेतले गेले आणि १७ मार्च १९२८ रोजी नर्मदेकाठच्या बडवाह येथे विवाह झाला. अमेरिकेतील पत्रांनी या लग्नाची परीकथा केली. तीन वर्षांपूर्वी ज्या नावापुढे खुनाची चर्चा होती, त्याच नावापुढे आता हत्ती, हिरे आणि पूर्वेकडची राणी आली. माणूस तोच होता. फक्त बातमीचा रंग बदलला होता.

शर्मिष्ठादेवींनी मात्र ही परीकथा आयुष्यभर निभावली. त्यांना चार मुली झाल्या. पुढची दशके तुकोजीराव इंदूर आणि युरोप यांत राहिले. १९४८ मध्ये इंदूर मध्यभारतात विलीन झाले. १९६१ मध्ये पुत्र यशवंतराव त्यांच्याआधी गेले. १९७१ मध्ये संस्थानिकांचे तनखे बंद झाले. २१ मे १९७८ रोजी पॅरिसमध्ये तुकोजीरावांचे निधन झाले. ज्या जगात त्यांचा जन्म झाला, त्यातले तोवर काहीच उरले नव्हते.

हाच साचा पुढे कुठे दिसला?

सर्वांत ठळक उदाहरण पुन्हा मुंबईचेच. २७ एप्रिल १९५९ रोजी नौदल अधिकारी कावस नानावटी यांनी पत्नीचा प्रियकर प्रेम आहुजा याला गोळ्या घातल्या. आर. के. करंजिया यांच्या ‘ब्लिट्झ’ साप्ताहिकाने नानावटींची बाजू उचलून धरली. अंक मूळ किमतीच्या कितीतरी पटीने विकले गेले, रस्त्यावर नानावटींच्या नावाने खेळण्यातली पिस्तुले आणि आहुजाच्या नावाने टॉवेल विकले गेल्याच्या आठवणी सांगितल्या जातात. ज्यूरीने आठ विरुद्ध एक मताने नानावटींना निर्दोष ठरवले. न्यायाधीशांना तो कौल मान्य झाला नाही, प्रकरण उच्च न्यायालयात गेले, जन्मठेप झाली आणि १९६१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती कायम ठेवली. १९६४ मध्ये त्यांना माफी मिळाली. या प्रकरणावर १९६३, १९७३ आणि २०१६ मध्ये चित्रपट निघाले.

दोन्ही प्रकरणांत साचा एकच दिसतो. ओळखीचा चेहरा, खासगी आयुष्याची उघड चर्चा, रोजच्या रोज पुरवली जाणारी माहिती आणि शेवटी बाजू घेणारे प्रेक्षक. १९२५ मध्ये पुढचा भाग वाचायला सकाळची वाट पाहावी लागे. आता मोबाइल ती वाट पाहू देत नाही, एवढाच फरक.

कायदा आज काय सांगतो?

एका अभिनेत्याच्या मृत्यूनंतर २०२० मध्ये वाहिन्यांनी जो समांतर खटला चालवला, त्यावर मुंबई उच्च न्यायालयात जनहित याचिका दाखल झाल्या. १८ जानेवारी २०२१ रोजी न्यायालयाने निकाल दिला. तपास सुरू असताना माध्यमांनी चालवलेला खटला न्यायप्रक्रियेत अडथळा आणतो आणि केबल कायद्याखालील कार्यक्रम संहितेचाही भंग करतो, असे त्यात स्पष्ट करण्यात आले. मृत व्यक्तीच्या चारित्र्यावर शिंतोडे उडवणे, गुन्ह्याचे दृश्य पुन्हा उभे करणे, साक्षीदार आणि पीडितांच्या मुलाखती घेणे, पोलिसांपुढचा कबुलीजबाब पुरावा असल्यासारखा दाखवणे, हे सारे टाळावे, असे न्यायालयाने सांगितले. मार्गदर्शन स्पष्ट आहे. ते पाळले जाते का, हे रोज रात्री नऊ वाजता पाहता येते.

मग प्रसिद्धी वाईटच का?

इथे घाई करून चालत नाही. वर्तमानपत्रांनी बावला प्रकरण उचलून धरले नसते, तर ते किरकोळ भांडणाच्या नावाखाली मिटवले गेले असते, ही शक्यता नाकारता येत नाही. लोकांचे लक्ष होते म्हणूनच सरकारला महाराजांपुढे पर्याय ठेवावे लागले. सत्तावानाला जाब विचारण्याचे दुसरे साधन प्रजेच्या हाती नव्हते. त्या अर्थाने त्या गोंगाटाने काम केले.

पण गोंगाट आणि हिशेब या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. हिवरे बाजारात दर वर्षी पाऊस मोजून पाण्याचा ताळेबंद ग्रामसभेपुढे मांडला जातो आणि त्यावरून कोणती पिके घ्यायची ते ठरते. त्यात थरार नसतो, खलनायक नसतो. पण प्रत्येक थेंब कुठे गेला, हे सर्वांना कळते. सार्वजनिक व्यवहारात हिशेब असाच असतो, रटाळ पण पूर्ण. मनोरंजनाला मात्र पूर्णतेची गरज नसते, त्याला चांगला शेवट पुरतो. १९२६ मध्ये गादी सोडण्याच्या बातमीने तो शेवट दिला आणि प्रेक्षक उठून गेले.

त्या शेवटामुळे एक गोष्ट मात्र मागे राहिली. गादी सोडल्यामुळे चौकशी आयोग नेमलाच गेला नाही. मुंबईच्या न्यायालयापुढे प्रश्न बावला यांच्या खुनाचा होता. इंदुरात झालेल्या मुलीचा प्रश्न त्या न्यायालयाच्या कक्षेत येतच नव्हता. शेकडो रकान्यांत मुमताजचा चेहरा, तिच्या जखमा आणि तिचा पळून जाण्याचा प्रवास छापून आला. तिच्या मुलीचे काय झाले, याचा तपास मात्र कुणीच केला नाही. पुढच्या वेळी मोबाइलवर एखाद्या गाजत्या प्रकरणाचा नवा भाग येईल, तेव्हा एवढे पाहावे : यात कुणाबद्दल खूप बोलले जाते आहे आणि कुणाचा प्रश्न विचारायचाच राहून गेला आहे.